मधलं राहिलं

सरकारी टीव्हीसाठी काम करते म्हटलं की इंदूरमध्ये लोक आधी विचारतात, "वो अभी चलता है क्या?" आणि मग, "किस नंबर पे आता है?" दोन्ही प्रश्नांची मला सवय आहे आणि दोन्हींचा मला अजून राग येतो. चालतं हो. ज्यांच्या गच्चीवर फुकटवाली डिशची छत्री आहे त्यांना सहज दिसतं. घरी केबल असणाऱ्यांना नंबर शोधावा लागतो, आणि सापडेपर्यंत बातमी संपलेली असते.

राज्याच्या बातम्या भोपाळच्या केंद्रातून निघतात. इंदूरला माझ्या लहानपणी टीव्हीचा एक मनोरा होता, दिल्ली-भोपाळहून आलेलं पुढे पोचवणारा, तोही बंद पडला. उरलो आम्ही, कंत्राटावर बातम्या गोळा करणारे. माझ्याकडे शहर आणि पश्चिमेचा पट्टा आहे. बेटम्याचा खचलेला रस्ता, देपालपूरच्या मंडीतलं सोयाबीन, कुठलं तरी उद्घाटन. शूट मीच करते, चार ओळी मीच लिहिते आणि दुपारी चारच्या आत भोपाळला पाठवते. माझं काम पाहिलं असं सांगणारा माणूस बारा वर्षांत क्वचितच भेटला. एकच बातमी सगळ्या गावाने पाहिली, आणि ती कुणीच पाहिली नसती तर मी आज हे लिहीत बसले नसते.

ज्या मराठी शाळेत मी चौथीपर्यंत शिकले, तिथला शेवटचा मराठी वर्ग दोन वर्षांपूर्वी बंद झाला. शाळा आहे, पण आता सगळं हिंदी आणि इंग्रजीत. त्यावर बातमी करू का, असं मी भोपाळला विचारलं. डेस्कवरचे साहेब 'करा' म्हणाले आणि हसले. "कोष्ठक मैडम, फिर मराठी?"

या नावामागे एक गोष्ट आहे. गणपतीच्या एका बातमीत मी 'आरास' हा शब्द तसाच ठेवला होता आणि पुढे कंसात हिंदी अर्थ लिहिला होता. कंसाला हिंदीत कोष्ठक म्हणतात. त्या दिवसापासून मी कोष्ठक मैडम झाले. ते प्रेमानेच म्हणायचे, मीही हसायचे. पण इंदूरच्या मराठी माणसाला कुणी हिंदीवरून चिडवलं की ते आत जाऊन बसतं. पुण्याचे लोक आमच्या मराठीला नाक मुरडतात, निदान हिंदी तरी आमची चोख आहे असं आम्ही स्वतःला समजावत असतो. यापुढे स्क्रिप्टमध्ये कंस लिहायचा नाही, असं मी ठरवून टाकलं होतं.

बातमीसाठी बाईंकडे जायचं हेही ठरलेलंच होतं. बाईंनी त्या शाळेत छत्तीस वर्षं शिकवलं, त्यात चार वर्षं मला. निवृत्तीनंतर त्या सुदामा नगरात एकट्या राहत होत्या आणि संध्याकाळी पाच वाजता व्हरांड्यात कॉलनीतल्या सहा मुलांना मराठी वाचायला शिकवत होत्या. "मला भूख लागली" म्हणणारी मुलं. त्यांच्याकडून बाई "भूक, भूक" असं म्हणवून घ्यायच्या आणि मग लाडू द्यायच्या.

बाईंनी कधी कुणाला मारलं नाही, उभं केलं नाही, उठाबशा काढायला लावल्या नाहीत. त्यांची पद्धत वेगळी होती. चूक झाली की टेबलाजवळ बोलवायच्या आणि म्हणायच्या, "पहिल्यापासून सांग." आपण सांगायचं. काही गाळलं की त्यांना कसं कोण जाणे, बरोबर कळायचं. त्या म्हणायच्या, "मधलं राहिलं." पुन्हा पहिल्यापासून. मधलं येईपर्यंत सुटका नाही. तिसरीत माझ्या हातून भारताचा नकाशा फाटला होता. मी म्हणाले, वाऱ्याने पडला. "मधलं राहिलं." म्हणाले, बाकाला अडकला. "मधलं राहिलं." शेवटी रडत सांगितलं की इंदूर कुठे आहे ते बोटाने बघायला मी बाकावर चढले होते आणि पडताना नकाशा धरला. बाई म्हणाल्या, "आता झालं," आणि डिंकाची बाटली माझ्या हातात दिली.

मी शूटला गेले तेव्हा बाई महेश्वरी साडी नेसून तयार बसल्या होत्या. शेजारणींना सांगून झालं होतं. "आयुष्यात पहिल्यांदा टीव्हीवर येऊन राहिले," त्या म्हणाल्या, "आणि ते पण माझ्याच विद्यार्थिनीच्या हातून. हिंदीत बोलावं लागेल ना गं?"

"हो बाई. भोपाळला मराठी कुणाला समजत नाही."

"चिंता नको करू. सत्तर वर्षं इथेच काढलीत."

एरवी बाईंचं हिंदी उत्तम होतं, पण कॅमेरा समोर आला की भल्याभल्यांची जीभ जड होते. त्या शाळेच्या घंटेबद्दल बोलल्या, पटसंख्या कशी कमी होत गेली ते बोलल्या, सगळं थोडं पाठ केल्यासारखं. मी विचारलं, "बाई, तुम्हाला सगळ्यात जास्त अभिमान कशाचा वाटतो?" तेव्हा त्यांचा चेहरा खुलला आणि त्या लेन्सकडे न बघता माझ्याकडे बघून म्हणाल्या, "छत्तीस साल में मैंने एक भी बच्चे को शिक्षा नहीं दी।"

मला लगेच कळलं. बाईंच्या तोंडून आलेली 'शिक्षा' मराठी होती, छडीवाली. एकाही मुलाला मारलं नाही, असं त्या म्हणत होत्या. हिंदीत शिक्षा म्हणजे शिक्षण. भोपाळमध्ये बसलेला माणूस ऐकणार होता की या मास्तरीणबाईंनी छत्तीस वर्षांत एकाही मुलाला काही शिकवलं नाही.

"बाई, एकदा 'सजा' म्हणा" एवढंच मला म्हणायचं होतं. दहा सेकंदांचं काम. पण साडेतीन वाजून गेले होते, बाईंचा चेहरा इतका मोकळा पुन्हा दिसला नसता, आणि मला ते वाक्य आवडलं होतं. मी कॅमेरा बंद केला. गाडीत बसून स्क्रिप्ट लिहिताना ते वाक्य उतरवलं, पुढे कंस उघडला, त्यात 'सजा' लिहिलं. फोनवर अजून दिसतंय मला ते. मग कोष्ठक मैडम आठवल्या आणि मी कंस पुसून टाकला. म्हटलं, समजून घेतील. सगळं संभाषण पाठवतेच आहे, त्यातलं दुसरं काही घेतील.

त्यांनी तेच घेतलं. संध्याकाळच्या बातम्यांत आधी निवेदिकेचा आवाज आला, विद्यार्थी घटत गेले आणि मराठी वर्ग बंद करावा लागला. लगेच बाईंचा हसरा चेहरा आणि ते एक वाक्य. मग पुढची बातमी. मी चहाचा कप हातात धरून तशीच बसले.

बाईंच्या केबलवर ते चॅनल लागतच नव्हतं. त्यांचा फोन आला. "काय गं, कसं आलं?"

मी म्हणाले, "छान आलं बाई."

दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत ते सात सेकंद इंदूरभर फिरत होते. कुणीतरी टीव्हीसमोर मोबाइल धरून टिपले होते, मागे हसण्याचा आवाज जोडला होता आणि वर लिहिलं होतं, 'पहली ईमानदार टीचर'. मला स्वतःला ते तीन ग्रुपांवर आलं. एकात माझ्या मावसभावाने लिहिलं होतं, "भिया, सरकारी चैनल ने भी कमाल कर दिया." ज्या कव्हरेजसाठी मी बारा वर्षं झुरत होते, ते मला असं मिळालं.

बाईंना ते व्हरांड्यातल्या एका मुलीच्या आईने पाठवलं. खाली विचारलं होतं, "बाई, ये आप ही हैं ना?"

मी त्याच संध्याकाळी गेले. पाच वाजून गेले होते. सतरंजी अंथरलेली होती आणि सहापैकी दोन मुलं आली होती. त्यातला एक मुलगा दुसऱ्याच्या कानात काहीतरी बोलला आणि दोघं तोंड दाबून हसले. बाईंनी ते पाहिलं. पुस्तक मिटलं आणि म्हणाल्या, "आज सुट्टी." मुलं गेल्यावर सतरंजीची घडी घालायला लागल्या. मी दुसरं टोक धरलं.

"चूक माझीच आहे," त्या म्हणाल्या. "जिंदगी गेली इथे, आणि ऐन वेळी तोंडात मराठी आली. पण गंमत बघ, लोक ओळखतात मला. भाजीवाला पण हसून राहिला."

मी सतरंजीच्या कडा जुळवल्या.

"तुझा काय दोष? तू तर पूर्ण पाठवलं असशील. भोपाळवाल्यांना काय कळणार." मग त्यांनी विचारलं, "दुरुस्ती नाही का दाखवता येत?"

"तसं होत नाही बाई," मी म्हणाले.

होतं. मी एक पत्र लिहिलं असतं तर दुसऱ्या दिवशी निवेदिकेने दोन ओळी वाचल्या असत्या. पण त्या पत्रात मला लिहावं लागलं असतं की वाक्याचा अर्थ मला शूट करतानाच कळला होता. मग डेस्कवरून प्रश्न आला असता, तो लिहिला का नाही? मी भोपाळला गप्प राहिले, सुदामा नगरातही गप्प राहिले. बाई माझी बाजू घेत होत्या आणि मी ती घेऊ दिली. याची मला सगळ्यात जास्त लाज वाटते.

वर्ग पुन्हा भरलाच नाही. आधी परीक्षा, मग सुट्ट्या, मग बाईंच्या गुडघ्याचं कारण. भिंतीवरची बाराखडी एक दिवस उतरलेली दिसली, तिच्या चार खिळ्यांची भोकं तेवढी राहिली. बाई आता दुकानात गेल्या तरी बोलण्याआधी थांबायच्या, शब्द तपासून बघायच्या. दूधवाल्याला साधं "कल मत लाना" म्हणतानाही. हे मी समोर उभी राहून पाहिलं आणि त्या रात्री घरी येऊन जेवले नाही.

तरी सांगायला मला आठ महिने लागले. मधल्या काळात मी त्यांच्यासाठी फळं नेली, गुडघ्याला तेल नेलं, केबलवाल्याशी भांडून त्यांच्या टीव्हीवर आमचं चॅनल लावून दिलं. सांगायचं सोडून सगळं केलं. शेवटी मार्गशीर्षातल्या एका सकाळी त्या व्हरांड्यात उन्हात बसल्या होत्या, मी समोर बसले, आणि माझ्या तोंडून आपोआप निघालं, "बाई, पहिल्यापासून सांगते."

त्यांनी मान वर केली.

मी सांगितलं. तुम्ही ते वाक्य म्हणालात, ते दुसऱ्या अर्थाने ऐकू जाईल हे माझ्या ध्यानात आलं होतं. वेळ नव्हता, चार वाजत आले होते, म्हणून पुन्हा बोलायला लावलं नाही. आणि छान आलं म्हणाले ते खोटं, दुरुस्ती होत नाही म्हणाले तेही खोटं. सांगून मला हलकं वाटलं. वाटलं, संपलं.

बाई अंगणाकडे बघत होत्या. "मधलं राहिलं," त्या म्हणाल्या.

पंचेचाळीस वर्षांची बाई मी, तिसरीतल्यासारखी रडायला लागले. मग सांगितलं. मी कंस लिहिला होता. 'सजा' लिहिलं होतं आणि मग पुसलं. वेळेचा प्रश्नच नव्हता, एक शब्द तर होता आणि तो लिहून झाला होता. भोपाळचे लोक मला हसतात, आणि आपली मराठी पुन्हा एकदा समजावून सांगायची मला लाज वाटली. लोकांनी मला हसू नये म्हणून मी त्यांना तुम्हाला हसू दिलं.

रस्त्यावरून भंगारवाला ओरडत गेला. मग त्यांनी पदराने चष्मा पुसला, परत डोळ्यांवर लावला आणि माझ्याकडे नीट बघितलं.

"मग बरोबरच दाखवलं की गं त्यांनी," त्या म्हणाल्या. "तुला नाहीच दिली मी शिक्षा."

तो शब्द त्यांनी मराठीत म्हटला की हिंदीत, हे मी विचारलं नाही. मला दोन्ही अर्थ लागू होते.