मल्लप्पा सरांचं पडणं

मल्लप्पा सर खुर्चीवर धड असे कधी बसलेच नाहीत. उमरग्याच्या आमच्या मूकबधिर मुलांच्या निवासी शाळेत ते चित्रकला शिकवत. दर शनिवारी दुपारी भिंतीवर जुने, छोटे मूकपट दाखवत. कुणाचा पाय बादलीत अडकतोय, कुणी खांद्यावरची शिडी फिरवून हवालदाराला आडवा करतोय. अधूनमधून सर स्वतः खुर्चीवरून पडून दाखवत. पन्नाशी उलटलेला, पोट सुटलेला माणूस! "आधी टोपी, मग मान, मग माणूस," ते मला सांगत. "गडबड केली की हसू मेलंच म्हणून समजा."

मी भिंतीशेजारी उभी राहून खुणांनी गोष्ट समजावायची. सर वैतागत. "बाई, हात खाली ठेवा की वो! लेकरांना डोळे दोनच. तुमचे हात बघावं का त्याचं पडणं?" मला रागच यायचा. खुणांची भाषा शिकवते मी, आणि हे मला सांगणार!

सात वर्षांची पारू नवीन आली, ती जेवेना की कुणाकडे बघेना. शनिवारी बाप न्यायलाच आला. "लेकरू झुरायलंय बाई. नेतो घरी." घरी तिच्याशी खुणांनी बोलणारं कुणी नव्हतं. गेली असती तर पोर कायमची एकटी पडली असती.

"पाव्हणं, तेवढं पडणं बघून जावा," सर म्हणाले.

भिंतीवर शिडी फिरली, हवालदार पडला, पोरं खिदळली. पारू मात्र माझ्या हातांकडे बघत राहिली, हवालदाराचं पडणं बघायचं तिचं हुकलं. मी गुमान हात मागं बांधले. सरांनी मूकपट थांबवून खुर्ची ओढली. टोपी कलली, मान कलली, मग सगळे सर धप्पकन खाली. पारू हसली. उठून तिनं खुर्ची सरळ केली आणि बोटानं खुणावलं, पुन्हा. सर पुन्हा पडले. बाप तिची पेटी तिथंच ठेवून गेला.

पुढच्या वर्षी सर झटक्यानं गेले. लिंगायतांत गेलेल्या माणसाला बसवून नेतात, बसवूनच माती देतात. आम्ही मुलांना घेऊन गेलो, तेव्हा सर अंगणात खुर्चीवर ताठ बसवलेले होते. कपाळाला विभूती, गळ्यात हार, डोक्यावर तीच टोपी. पारू अगदी पुढं जाऊन बसली, टोपीवर नजर लावून. बऱ्याच वेळानं तिनं वळून मला खुणेनं विचारलं, "कधी पडणार?"

हात खाली ठेवा म्हणणारं आता कुणी नव्हतं. मी हात वर केले आणि तिला खरं ते सांगितलं.