अण्णांच्या हातचं काम

ही गोष्ट माझ्या तोंडून आजवर बाहेर पडलेली नाही. मैत्रिणीपुढे नाही, देवापुढे हात जोडतानासुद्धा नाही. तिथंही मी दुसरंच काहीतरी मागून परत येते. तुम्हाला का सांगतेय? तुम्ही मला ओळखत नाही, म्हणून असेल. ओळखणारे मला चांगली समजतात — आणि तेच मला सोसत नाही.

आमचं दुकान अक्कलकोट रस्त्याला. दुकान पुढं, घर मागं. गाड्यांचं वायरिंग, डायनॅमो, सेल्फ, अशी कामं. चावी फिरवल्यावर इंजिनाला पहिली गिरकी देणारी जी मोटर असते, तिला आमच्या धंद्यात सेल्फ म्हणतात. दुकान अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी उभं केलं. सासरहून परत आल्यावर मी त्यांच्या शेजारी बसून काम शिकले. गल्लीत लोक बोलायचे, बाईमाणूस ग्रीसमध्ये हात घालतंय म्हणून. अण्णा म्हणायचे, "बोलू दे की. हात धुता येत्यात. तोंड धुता येत न्हाय लोकांचं."

पुढं अण्णांचे हात थरथरायला लागले. जवळचं धूसर दिसू लागलं. बारीक कामं हळूहळू माझ्याकडे आली. तरी ते रोज सकाळी टेबलापाशी येऊन बसायचे. एखादा नट सोडवायचे, वायर सोलायचे. आमच्या घरच्या जुन्या गाडीचा सेल्फ मात्र त्यांनी हट्टानं स्वतःच उघडला होता, हे घडलं त्या उन्हाळ्याच्या जरा आधी. मोटरच्या आत कार्बनचे छोटे ठोकळे असतात, ते झिजले की मोटर फिरत नाही. ते त्यांनी बदलले. त्यात त्यांची अख्खी दुपार गेली. काम झाल्यावर त्यांनी चावी फिरवली, गाडी झटक्यात सुरू झाली आणि अण्णा लहान मुलासारखे हसले. त्यांच्या हातचं ते शेवटचं पुरं काम.

हे मी आधीच का सांगतेय, ते पुढं कळेल. मी जरा वळसे घेतेय — चालवून घ्या.

आता आत्याबद्दल सांगायला हवं. अण्णांची धाकटी बहीण, मैंदर्गीला दिलेली. सासर कानडी बोलणारं, त्यामुळे तिच्या बोलण्यात निम्मं कानडी. माझं लग्न तिनंच जमवलं होतं, तिच्याच गल्लीतल्या घरी. ते घर कसं होतं ते सांगत बसत नाही. एके दिवशी सकाळीच त्यांनी मला बाहेर काढलं, नेसत्या लुगड्यानिशी. मी कुठं जाणार? आत्याकडे गेले. तिनं दार अर्धं उघडलं आणि मला ओट्यावर बसवलं. म्हणाली, बस, बघू. मी बसले. येणारेजाणारे बघत होते. आतून भांड्यांचे आवाज येत होते, फोडणीचा वास येत होता. पाणीसुद्धा तिनं बाहेर आणून दिलं, आत घेतलं नाही. दिवे लागायच्या वेळेला तिनं मला हाताला धरून परत त्याच घरी नेऊन सोडलं. "पोरीच्या जातीनं सोसावं लागतंय," म्हणाली.

पुढं यथावकाश मी सुटले. अण्णांनीच येऊन आणलं. पण ओट्यावरचा तो दिवस मी त्यांना कधी सांगितला नाही. बहिणीवर त्यांचा फार जीव होता. मी माझ्यापाशीच ठेवला तो. आणि अशी जपून ठेवलेली गोष्ट आतल्या आत आंबते, हे तेव्हा कुठं माहीत होतं?

तर त्या दिवशी सकाळी सिद्धूचा फोन आला. सिद्धू म्हणजे आत्याचा मुलगा. आत्या बरेच दिवस अंथरुणावर होती. तो म्हणाला, "ताई, मामांना घेऊन ये. आज तिचं काय खरं वाटंना." मग त्यानं फोन तिच्या कानाशी धरला. इकडे अण्णांनी कानाशी घेतला. मी शेजारी होते, मलाही ऐकू आलं. अगदी बारीक आवाजात ती म्हणत होती, "बा अण्णा, बा." ये अण्णा, ये.

अण्णांनी अंघोळ उरकली. धुतलेला पांढरा शर्ट घातला. बटणं लागेनात, ती मी लावली. कोपऱ्यावरच्या गाड्यावरून त्यांनी द्राक्षं आणवली, बहिणीला आवडतात म्हणून. ती खाऊ शकणार नव्हती, हे त्यांनाही कळत होतंच की. पिशवी मांडीवर घेऊन ते दुकानाच्या पायरीवर बसले आणि म्हणाले, "काढ गाडी."

मी गाडीपाशी गेले. बॉनेट उघडलं. पाणी बघते, म्हणाले. पाणी बघितलंही. आणि मग — 

माझा हात खाली गेला. सेल्फच्या डोक्यावर एक पातळ वायर येते. चावी फिरवली की हुकूम पोचवते ती. ती मी उपसली.

तुम्ही विचाराल, ठरवून? हो, ठरवूनच. तिला मरू द्यावं, असं मनात नव्हतं — पण हे सांगून मला सूट नकोय. मनात एवढंच होतं की तिनं मला संध्याकाळपर्यंत बसवून ठेवलं होतं. तिनंही बसावं संध्याकाळपर्यंत. दाराकडे बघत. मग आम्ही जाऊ. अण्णा भेटतील. कुणाचं काही बिघडणार नाही.

मी आत बसून चावी फिरवली. काहीच नाही. अण्णा पायरीवरून कान देऊन ऐकत होते.

"लाइट लागत्यात का?"

"लागतात."

"मग बॅटरी न्हाय. खट्‌ वाजलं का?"

"नाही."

"बारीक वायर बघ. निघाली असंल."

बघा — पहिल्याच फटक्यात त्यांनी नेमकं ओळखलं. मी वाकले. वायर माझ्या बोटांसमोर लोंबत होती. तेव्हाच ती परत खोचली असती, तर ही गोष्टच उरली नसती. मी म्हणाले, "बघितली, अण्णा. जागेवर आहे."

त्यांनी विश्वास ठेवला. का नाही ठेवणार? मीच तर त्यांचे डोळे झाले होते.

ते म्हणाले, "ढकलून सुरू करू." मी म्हणाले, वाटेत बंद पडली तर उन्हात कुठं थांबायचं? ते म्हणाले, "भाड्याची गाडी सांगू का?" मी म्हणाले, कशाला, सेल्फ काढते, जेवायच्या आत होईल. माझ्याकडे प्रत्येक गोष्टीला उत्तर होतं. खोटं बोलताना माणूस किती हुशार होतो!

मग मी खरोखरच सेल्फ काढला. बॅटरीची वायर सोडली, गाडीखाली आडवी झाले. दोन बोल्ट असतात. एक दिसतो, दुसरा हातानं चाचपून सोडवावा लागतो. एरवी मला त्याला वेळ लागत नाही. त्या दिवशी मी लावला. वरून अण्णा विचारत होते, "निघाला का गं?" आणि मी खालून म्हणत होते, गंजलाय, निघंना. मध्येच सिद्धूचा फोन आला, निघालात का? मी सांगितलं, सेल्फ गेलाय. तो म्हणाला, "मी जीप धाडू का?" मी म्हणाले, नको, होतच आलंय.

मोटर टेबलावर आणून ठेवली तर अण्णा उठून शेजारी आले. म्हणाले, "उघडायच्या आधी बॅटरीवर लावून बघ की." हेही बरोबरच होतं. बॅटरीवरून थेट जोडली की चांगली मोटर टेबलावर उडी मारते, फिरते, घूं करते. चांगलीच होती ती. मग मी काय करावं? मी बॅटरीच्या वायरीचा चिमटा मोटरच्या जाड रंगावर धरला. रंगातून वीज जात नाही. मोटर गप्प राहिली. अण्णा मान वाकडी करून ऐकत होते — थोडं तरी घरघरेल, या आशेनं.

"उघड," ते म्हणाले.

उघडली. आत सगळं स्वच्छ होतं. कार्बन सरळ, आपापल्या घरात, जसे बसायला हवेत तसे. थरथरत्या हातांनी इतकं नीट काम कसं केलं असेल त्यांनी? आजही मला नवल वाटतं. त्यांनी विचारलं, "काय झालंय?"

वायर उपसली, तो सूड होता असं म्हणता येईल. सुडाला निदान कारण असतं. पण पुढचं जे मी बोलले, त्याला कारण नव्हतं. अण्णांनी माझं काहीच केलं नव्हतं. मला फक्त काहीतरी सांगायचं होतं, पटेल असं. आणि तोंडाला जे आलं ते मी सांगितलं —

"कार्बन अडकलाय, अण्णा. वाकडा बसलाय."

त्यांनी टेबलावर हात टेकले. मग अगदी हळू म्हणाले, "मीच बसवलेला तो."

मी नाही म्हणायला हवं होतं. तुमचा नाही, दुसरंच काहीतरी आहे — एवढं म्हणायला किती वेळ लागला असता? मी मान खाली घालून कापडानं मोटर पुसत राहिले. त्यानंतर त्यांनी घाई करणं सोडलं. निघाला का, झालं का, काही नाही. पिशवी पायाशी ठेवून ते आपल्या हातांकडे बघत बसले. तळवे वर, मग खाली, परत वर.

उन्हं जरा कलली होती. तेवढ्यात सिद्धूचा फोन आला. या वेळी तो जीप धाडू का म्हणाला नाही. आत्या गेली होती.

मग मोटर बसवायला मला किती वेळ लागला? विचारू नका. अण्णांच्या डोळ्यांदेखत दोन्ही बोल्ट आवळले, पातळ वायर खोचली, चावी फिरवली. गाडी पहिल्या झटक्याला सुरू झाली.

"लागला," अण्णा म्हणाले. बस, तेवढंच.

मैंदर्गीपर्यंत ते एकदाच बोलले. "तवाच नीट बसवला असता मी, तर तिचं तोंड बघाय मिळालं असतं." मी रस्त्याकडे बघत गाडी चालवत होते. बाजूला थांबवून सांगता आलं असतं. रस्ता मोकळा होता.

त्या घरी माणसं जमली होती. तोच ओटा, त्यावर बायका बसलेल्या. अण्णा बहिणीच्या उशाशी बसले, तिच्या कपाळावर हात ठेवला. तो इतका थरथरत होता की सिद्धूनं वरून आपला हात ठेवला. मग जो येईल त्याला अण्णा सांगत राहिले, "माझ्यामुळं उशीर झाला. कार्बन वाकडा बसवला मी. पोरगी बिचारी उन्हात गाडीखाली झोपून काढत होती, माझ्यासाठी." एका म्हातारीनं माझ्या गालांवरून हात फिरवून कडाकडा बोटं मोडली. म्हणाली, अशी लेक मिळायला नशीब लागतं.

मी ते घेतलं. खाली मान घालून, गरीब तोंड करून घेतलं.

शेवटी शेवटी आत्या माझं नाव काढत होती का, मला काही सांगायचं होतं का तिला — सिद्धूला हे मी विचारलं नाही. अजून विचारलेलं नाही.

दुसऱ्या दिवसापासून अण्णा टेबलापाशी आले नाहीत. पायरीवर बसायचे, रस्ता बघत. जुनी गिऱ्हाइकं हाक मारायची, अण्णा, जरा आवाज ऐका की गाडीचा. ते म्हणायचे, "पोरीला दावा. माझ्या हाताचा भरवसा न्हाय आता." मी आत पाना फिरवत असायचे. ऐकायचे.

एकदा कुणीच नव्हतं. दुपार होती, रस्ता ओस होता. मी एक उघडलेली मोटर त्यांच्यासमोर ठेवली आणि नवे कार्बन त्यांच्या हातात दिले. म्हणाले, तुम्ही बसवा, अण्णा. मनाशी ठरवलं होतं, त्यांनी हातात घेतले की सांगायचं. त्यांनी ते ठोकळे बोटांनी चाचपले. मग एकेक करून परत माझ्या हातावर ठेवले.

"नको," म्हणाले. "परत कुणाची तरी वाट अडायची."

आणि मी ते घेतले. सांगायला तोंड उघडलंही होतं. पण मला दिसलं, की मी सांगितलं तर त्यांना त्यांचे हात परत मिळतील आणि मुलगी जाईल. यातलं काय त्यांना हवं होतं, ते ठरवायचा हक्क त्यांचा होता. तो मी त्यांना दिला नाही. मला त्यांची मुलगी राहायचं होतं.

पुढच्या पावसाळ्यात अण्णा गेले. शेवटच्या दिवसांत पाण्याचा पेलाही ते आपल्या हातानं धरत नसत. थरथर तेवढी वाढली नव्हती, डॉक्टरही तसंच म्हणाले. ते धरायचेच नाहीत. मी पाजायचे. पाणी पिऊन झालं की ते माझ्या डोक्यावर हात ठेवायला हात उचलायचे आणि अर्ध्यातूनच खाली घ्यायचे.