मालक व्हायला निघालेली बस

रविवार, २३ नोव्हेंबर १९९७. पहाटे उठून चाळीस माणसांच्या भाजीचे बटाटे उकडायला टाकले. पुऱ्या ज्याच्या त्याच्या घरून येणार होत्या. आमच्या सोसायटीच्या कमिटीत बाई मी एकटीच, म्हणून खजिनदारी आणि बटाटे दोन्ही माझ्याकडे.

सोसायटी म्हणजे ठाण्यातल्या आमच्या औषध कारखान्यातल्या कायम कामगारांची, स्वतःची घरे बांधायला काढलेली. मुरबाड तालुक्यात, सरळगावच्या पुढे, आम्ही जमीन घेतली होती. ती सर्वांनी डोळ्यांनी बघायची आणि राखणीला माणूस ठेवून परत यायचे, असा बेत होता.

बस नाशिक हायवेला लागते न लागते तोच नावावरून भांडण जुंपले. कागदोपत्री नाव ‘कामगार नगर’. मेंटेनन्समधल्या पाटकरांना ते नको होते. त्यांचा मुलगा कॉम्प्युटर शिकतो.

“पत्त्यात कामगार लिहिलं तर मुलगी कोण देणार?” पाटकर म्हणाले.

“मग तुम्हाला कशी दिली?” मागून कोणीतरी विचारले.

“तेव्हा कुठे पत्ता होता?”

हसण्याच्या गडबडीत ‘कामगार’ गेले आणि ‘स्वप्नशिल्प’ आले. हरकत घ्यायला हवी होती ती आमच्या अध्यक्षांनी. कदम आमच्या युनियनचेही सेक्रेटरी. गेटवर ‘कामगार’ हा शब्द त्यांच्याइतका लांबवून कोणी म्हणत नाही. ते खिडकीतून बाहेर बघत राहिले.

शहापूरला चहा झाला. बाजारात कदमांनी एक भलेमोठे कुलूप घेतले. जागेला फाटक नाही, कुंपणही नाही, याची मी आठवण करून दिली. “सुरुवात कुलपापासून होते, बाई,” असे म्हणून ते बसमध्ये चढले.

तिथून किन्हवलीच्या रस्त्याला वळलो. भातकापणी उरकलेली. खळ्यांजवळ उडव्या (पेंढ्याच्या रचून ठेवलेल्या राशी), शेतात पिवळे खुंट आणि पुढे सह्याद्रीची सरळ भिंत. बसमधले लोक मात्र कुठल्या खिडकीला कुठला पडदा शोभेल ते बोलत होते. समोरून एक ट्रॅक्टर आला. ट्रॉलीत माणसे, हंडे, गोधड्या, एक शेळी. भिवंडीकडच्या वीटभट्ट्यांवर निघालेली कुटुंबे. ती आता पावसाच्या तोंडाशीच परत यायची.

“यांना घराचं काहीच वाटत नाही,” पाटकर म्हणाले. हे स्वतः लग्नानंतर कित्येक वर्षे भावाच्या खोलीत मधे चादर टांगून राहिले. चादरीचे विसरले, घराविषयीची मते तेवढी पक्की झाली.

पुढे रस्ता अरुंद झाला आणि बस थांबली. बांधावरून चालत निघालो. फोटोसाठी मागे सरकताना पाटकरांचा नवा पांढरा बूट शेणात गेला. तो धुवायला पाणी मिळाले ते आमच्याच जमिनीच्या कडेला असलेल्या, कारवीच्या काठ्यांवर शेणमाती लिंपलेल्या कुडाच्या घरात.

घर सोमा आणि जनी यांचे. शहापूरच्या जमीनमालकाची ही जमीन वर्षानुवर्षे हीच दोघे कसत होती. जमीन विकली गेली, घर कडेला तसेच राहिले. राखणीचे काम मिळाले तर दोघे इथे राहणार, नाहीतर येत्या आठवड्यात भट्टीवर जाणार. तिथे गेले की तिसरीतल्या पोरीची शाळा सुटली. हे सगळे जनीने मला बूट धुऊन होईपर्यंत सांगितले. आढेवेढे नाहीत, रडगाणे नाही.

जेवणात तिने नागलीची (नाचणीची) भाकर आणि सुकटाची चटणी पुढे केली. आमच्या लोकांनी ती ‘टेस्ट’ केली, एकेक घास मोडून. मी अख्खी खाल्ली. बटाट्यापेक्षा बरी होती.

मग आंब्याखाली सतरंजीवर कदम बसले. सोमा समोर उभा राहिला.

“साहेब, कामाचा काय?” सोमाने विचारले.

आयुष्यात कदमांना कोणी साहेब म्हटले नव्हते. बाकीच्यांनाही नव्हते. वाटले, कोणीतरी म्हणेल, ‘अरे, आम्हीपण तुझ्यासारखेच.’ एकदोघांनी मांडी बदलली आणि जरा ताठ बसले, इतकेच.

कदमांनी फाइलीतून करारनामा काढला. राखण करायची, रोपांना पाणी घालायचे, राहायला हेच घर. सोमा मान हलवत होता. शेवटचे कलम मात्र कदमांनी भरभर वाचले. दर दहा महिन्यांनी पंधरा दिवसांचा ब्रेक, त्या काळात घर रिकामे करायचे, मग पुन्हा नव्याने नेमणूक.

जनी माझ्याकडे वळली. “बाय, ह्यो ब्रेक म्हंजे काय गो?”

“फक्त कागदावर असतं ते,” कदमच घाईने म्हणाले.

‘फक्त कागदावर’ काय असते ते मला पाठ आहे. मी आणि कदम एकाच वेळी कारखान्यात लागलो. कायम होऊ नये म्हणून आम्हाला दर काही महिन्यांनी ब्रेक देत. त्या दिवसांत कदम स्टेशनबाहेर केळी विकत, आणि कारखान्यातले कोणी दिसले की टोपलीमागे वाकत. तो ब्रेक बंद करायला आम्ही संप केला. त्याच्या जोरावर कदम सेक्रेटरी झाले.

मी जनीला सांगितले, “कामावरून काढायचं आणि परत घ्यायचं. म्हणजे तुम्ही कधीच कायम होत नाही, आणि घरावर हक्क सांगता येत नाही.”

“त्या पंधरा दिसांत आमी कुटं जावाचा?”

पाटकर म्हणाले, “नातेवाईक असतीलच की.”

जनी हसली. “भट्टीवाला तोंडावर शिव्या देतो. पन त्यो पावसाला हाकलतो ह्ये आधी ठावं असतं. तुमी सायब लोक गोड बोलून मधीच हाकलाल.” मग नवऱ्याला म्हणाली, “अंगठा नको देव रे.”

सोमाने दोन्ही हात पाठीमागे घेतले.

कदम उठले. मला बाजूला घेऊन म्हणाले, “बाई, तुम्ही कोणाच्या बाजूच्या?”

“तेच मी तुम्हाला विचारणार होते.”

“उद्या सोसायटीवर हक्क सांगतील हे लोक.”

हे वाक्य मी पूर्वी ऐकले होते. आमच्या मॅनेजरचे होते, ‘सोसायटी’ऐवजी ‘कंपनी’ घालून.

परतीला मुरबाडवरून कल्याणच्या रस्त्याने आलो. माझ्या शेजारची जागा रिकामी राहिली, त्यामुळे पातेले ठेवायला सोय झाली. मागे गाण्याच्या भेंड्या रंगल्या होत्या. दोन माणसांना भट्टीच्या वाटेला लावून आलो आहोत, याचा कोणाच्या सुरावर परिणाम नव्हता. माझे खरे बोलणेही त्यांना महागात पडले होते. गप्प राहिले असते तर दहा महिने तरी पोर शाळेत गेली असती. आम्ही स्वतःला एक वर्ग समजतो, एक कुटुंब म्हणतो, सभेत हात वर करतो. त्या कुटुंबाची हद्द आपण कायम झालो तिथे संपते. कामगाराचा मालक व्हायला पिढ्या लागतात ही थाप आहे. एक बसप्रवास पुरतो, वाटेत चहासाठी थांबूनसुद्धा.

सोमवारी सकाळी पहिली पाळी. पॅकिंगच्या टेबलाशी कदम आले, हातात तीच फाइल. काल परतीच्या वाटेवर सरळगावचा कोणी दुसरा माणूस त्यांना मिळाला होता, तो कलमाला तयार होता, फक्त खजिनदाराची सही हवी होती. टेबलाभोवती कंत्राटावरच्या पोरी उभ्या होत्या. त्यांतल्या निम्म्या नुकत्याच ब्रेकवरून आलेल्या, आणि सगळ्यांची भिस्त याच सेक्रेटरीवर.

मी म्हटले, “शेवटचं कलम मोठ्यानं वाचा, कदम. यांनाही कळू दे.”

कदमांनी पोरींकडे पाहिले, मग कागदाकडे. वाचले नाही. मी त्यांच्याच खिशातले पेन काढले, ब्रेकचे कलम आडवे खोडले, नाव लिहिले सोमाचे, आणि खाली सही केली. कदमांनी खोडाखोडीशेजारी आपली सही ठोकली. मनापासून नव्हे, पण केली.

“पोस्टाने पाठवतो,” ते पुटपुटले.

“त्यांना वाचता येत नाही, आणि भट्टीचा ट्रॅक्टर पोस्टासाठी थांबत नाही. आज रजा टाका. कल्याणहून मुरबाडची एसटी मिळेल.”

बेल झाली. मी त्यांचा रजेचा अर्ज लिहून दिला आणि कामाला लागले.