उजवीकडून चौथी

कापराच्या धुरात तापलेल्या प्लॅस्टिकचा वास मिसळला की मला गणपतीतली ती दुपार आठवते. चौऱ्याऐंशी-पंच्याऐंशी साल असेल. चाकरमान्यांनी मुंबईहून व्हिडिओ आणला होता आणि अख्खी वाडी आमच्या ओटीवर दाटीवाटीने बसली होती. शेजारची मावशी मुंबईत सिनेमातल्या गाण्यांत नायिकेच्या मागे नाचायची. गुडघा दुखावला तशी वर्षभरातच भावाकडे परत आली. नाचणारी बाई म्हणून गौरीच्या फुगडीत तिला कोणी घेत नसे. मला मात्र ती गोठ्यामागे चोरून गिरक्या शिकवायची. पडद्यावर मुलींची रांग आली तशी ती ओरडली, "थांबवा! उजवीकडून चौथी, ती मी!" चित्र थांबलं. नेमक्या त्या तोंडावर पांढऱ्या रेघा थरथरत होत्या. "कोणीही असेल," तिची भावजय म्हणाली. मावशी माझ्याकडे वळली, "तू सांग गो बाय, मीच ना ती?" मनगटाची ती मुरड मी लगेच ओळखली होती. पण आई माझ्याकडे रोखून बघत होती, आणि संध्याकाळी मला फुगडीत जायचं होतं. "छे, ती तर देखणी आहे," मी म्हटलं. सगळी ओटी हसली. तीही हसली. त्या दिवसापासून वाडी तिला 'चौथी' म्हणू लागली, ती मरेपर्यंत. परवा नातीच्या मोबाइलवर तेच गाणं लागलं. चित्र आता स्वच्छ थांबतं. तिच्यावर बोट ठेवून मी नातीला नाव सांगायला गेले, तर तोंडात 'चौथी'च आलं. खरं नाव काही केल्या आठवेना.