अमावस्येची किल्ली

बोलताना ते डावा हात वर धरायचे. तळवा पुढे, बोटं जुळवलेली, कपाळाच्या जरा वर. जिन्यात भेटोत की भाजीच्या गाडीपाशी, समोर कुठे दिवा असला की हात वर गेलाच. बघणाऱ्याला वाटायचं, काका आशीर्वाद देतायत. बी विंगमध्ये नव्याने राहायला आलेली एक मुलगी तर पहिल्याच भेटीत खरोखर पाया पडायला वाकली. तिला त्यांनी शांतपणे समजावलं, की हा आशीर्वाद नाही, रस्त्यावरचा दिवा झाकलाय. "डोळ्यांची अंधाराची सवय मोडते हो." तिने मान डोलावली आणि संध्याकाळी माझ्याकडे येऊन विचारलं, काकांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय का.

सगळं जग आपल्याविरुद्ध उठलंय असं मानणारी माणसं तुम्हीही पाहिली असतील. कोणाचं सुनेशी वाकडं असतं, कोणाचं सरकारशी. काकांचं दिव्यांशी होतं.

मी पनवेलच्या खांदा कॉलनीतल्या आमच्या सोसायटीची सेक्रेटरी आहे. या पदाची मला हौस नव्हती. मीटिंग चालू असताना चहा आणायला म्हणून आत गेले आणि ट्रे घेऊन बाहेर येईपर्यंत माझी बिनविरोध निवड झालेली होती. त्या निवडीबरोबर गच्चीची किल्ली माझ्याकडे आली, आणि किल्लीबरोबर काका आले.

न्हावा शेवाला कुठल्याशा कचेरीत कंटेनरचे कागद तपासण्यात त्यांची नोकरी गेली. निवृत्तीनंतर लोक तीर्थयात्रा करतात, शेअर बाजार करतात. यांनी दुर्बीण घेतली. दसरा होऊन ढग गेले की संध्याकाळी माझी बेल वाजायची. दारात काका, खांद्याला काळी बॅग, डोक्यावर माकडटोपी. "ताई, किल्ली." मग आमच्या हॉलच्या छताकडे, त्याच्या पलीकडचं दिसत असल्यासारखं, बघत म्हणायचे, "आज हवा स्थिर आहे." आमचा पंखा जोरात चालू असला तरी हवा स्थिरच असायची.

दुर्बीण म्हटल्यावर माझ्या डोळ्यांसमोर लांब नळी होती. ही निघाली मिक्सरच्या भांड्याएवढी. तिपाईवर ठेवून बटण दाबलं, की ती आपली आपण मान फिरवायची, आकाश चाचपून आपण कुठे आहोत ते ओळखायची, आणि मग काका टॅबवर बोट ठेवतील तिकडे वळायची. डोळा लावायला जागाच नव्हती. ती दहा-दहा सेकंदांचे फोटो काढून एकावर एक रचत जायची. जितका वेळ द्यावा तितकं चित्र उजळत जायचं. काका याला उजेड साठवणं म्हणायचे. नळाची धार बारीक असली तरी रात्रभर सोडला तर टाकी भरतेच की, असं ते समजावून सांगायचे. पाण्याचं उदाहरण पनवेलच्या माणसाला लगेच पटतं.

बाकीचं पटायला मात्र वेळ लागला. त्यांनी एकदा हौसेने सगळ्या सोसायटीला गच्चीवर बोलावलं. चेअरमन सर्वांत पुढे. त्यांनी चष्मा काढला, गुडघ्यावर हात ठेवून वाकले, डोळा लावायची जागा चारी बाजूंनी शोधली आणि शेवटी चार्जिंगच्या भोकाला डोळा लावून "वा" म्हणाले. काकांनी त्यांना हळूच टॅबकडे वळवलं. टॅबवर मृग नक्षत्रातला तेजोमेघ गुलाबी होत होता.

"हे नेटवर आहे काका. मी पाहिलंय," चेअरमन म्हणाले.

काका सांगू लागले की हे आत्ता, इथून, आपल्या गच्चीवरून येतंय. चेअरमन म्हणाले, असेल, पण नेटवर जास्त स्वच्छ आहे. लोक माना डोलवत जिन्याकडे निघाले. तेवढ्यात वरून विमान गेलं आणि पुढच्या फोटोत त्या गुलाबी मेघावर या टोकापासून त्या टोकापर्यंत पांढरी रेघ उमटली. काका केवढे खूश झाले. "हे बघा. हे आहे नेटवर?" असं जिन्यात वाकून सांगत राहिले. तोवर खालच्या मजल्यावर लिफ्टसाठी रांग लागली होती.

दुसरे हौशी लोक अशा रेघा पुसून टाकतात म्हणे. काकांनी त्या दिवसापासून एकही पुसली नाही. त्यांच्या लेखी विमानाची रेघ हा पनवेलचा शिक्का होता.

त्यांना हवं होतं ते एकच, देवयानी दीर्घिकेचं, म्हणजे आपल्या शेजारच्या आकाशगंगेचं, एक पूर्ण चित्र. पुष्कळ अंधाऱ्या रात्री उजेड साठवल्याशिवाय ते होण्यासारखं नव्हतं. त्यांचे आकाशमित्र गाड्या भरून डोंगरापलीकडे काळोख्या जागी जायचे, यांनाही बोलवायचे. काका जात नसत. ते म्हणायचे, "तिकडून कोणालाही दिसेल. ती आपल्याही डोक्यावर आहे ना? मग आपल्या गच्चीवरून दिसली पाहिजे." त्यांच्या या हट्टावर काकी खालून भाष्य करायच्या. "आज अमावस्या. आमचे हे देवयानीकडे गेलेत. घालून काय गेलेत, तर माकडटोपी."

अमावस्या हा त्यांचा सण होता. वर्षातली सगळ्यात मोठी अमावस्या नेमकी लक्ष्मीपूजनाची, आणि त्या दिवशी अख्खं पनवेल पेटलेलं आणि धुरात बुडालेलं. ते दुःख ते दरवर्षी करंजीबरोबर गिळायचे. बाकीच्या अमावस्या मात्र त्यांच्या हक्काच्या होत्या. आणि तिथेच घात झाला.

अंधारात बसताना ते लाल टॉर्च वापरायचे, कारण लाल उजेडाने डोळ्यांची सवय मोडत नाही. आता समोरच्या इमारतीतल्या बाईंच्या जागी जाऊन बघा. अमावस्या. गच्चीवर लाल उजेड. काळी शाल पांघरलेला एक माणूस एका लहानशा वस्तूपुढे वाकून बसलाय. आणि ती वस्तू मधूनच आपली मान वळवते.

सकाळी गच्चीवर पिळलेलं अर्धं लिंबू आणि थोडे कुरमुरे सापडले. काकींनी वर भेळ पाठवली होती. पण आमच्या ग्रुपवर लिंबाचा फोटो येईपर्यंत भेळ मागे पडली होती. वॉचमनने मला स्वच्छ सांगितलं, "ताई, आमी वर नाय जानार. त्या डब्याची मान आपोआप फिरते. मी डोल्यांनी बघितलाय." दुपारपर्यंत ए विंगमधल्या विकाऊ फ्लॅटचं गिऱ्हाईक परत गेल्याचंही कारण सर्वांना कळलं होतं. चेअरमन मला म्हणाले, माझा असल्या गोष्टींवर विश्वास नाही, पण लोकांच्या भावना आहेत. आमच्याकडे ज्यांचा विश्वास नसतो तेच भावनांची फार काळजी घेतात.

सर्वसाधारण सभेत ठराव आला, की सुरक्षेसाठी गच्चीवर दोन मोठे फ्लडलाइट लावावेत आणि ते रात्रभर चालू ठेवावेत. काका उभे राहिले. समोर ट्यूबलाइट होती, म्हणून हात वर. त्यांनी विरोध केला नाही. फक्त अमावस्येला तेवढे दिवे बंद ठेवा, एवढंच मागितलं.

"पंचवीस लाख वर्षं तो उजेड चालत येतोय," ते म्हणाले. "आणि शेवटच्या दहा फुटांत आपण त्याला अडवायचं?"

मला वाटलं, आता कोणीतरी हो म्हणेल. मग मागून एकाने शंका काढली की अमावस्येला मुळातच काळोख, म्हणजे दिव्याची गरज त्याच दिवशी जास्त. हे सगळ्यांना पटलं. चेअरमननी मात्र मन मोठं केलं. ते म्हणाले, काका ज्येष्ठ आहेत, त्यांचा शब्द खाली पडता कामा नये. अमावस्येला जमणार नाही, पण आपण दर पौर्णिमेला दिवे बंद ठेवू.

टाळ्या पडल्या.

पौर्णिमेला चंद्राच्या उजेडात देवयानी तर सोडाच, साधे ताऱ्यांचे पुंजकेही धड दिसत नाहीत, हे मला काकांमुळे ठाऊक होतं. मी ते म्हटलंही. पण टाळ्यांच्या आवाजात सेक्रेटरीचं कोण ऐकतं. काकांनी तोंड उघडलं, सगळ्यांचे प्रसन्न चेहरे एकदा पाहिले आणि "आभारी आहे" म्हणून खाली बसले. दुसऱ्या दिवशी काकी मला म्हणाल्या, रात्री जेवले नाहीत. चित्र निम्मं झालंय, एवढंच म्हणाले.

त्या कोजागरीला फ्लडलाइट समारंभाने बंद झाले. चंद्र इतका लख्ख होता की आटवलेल्या दुधातलं केशर मोजता आलं असतं. काकांनी यंत्र लावलं आणि सोसायटीने दिलेल्या रात्रीत जे दिसत होतं ते दाखवलं, म्हणजे चंद्र. लोकांना फार आवडला. ओळखीचा होता ना. प्रत्येकाने टॅबसमोर उभं राहून फोटो काढला. "दिवे बंद केले म्हणूनच इतका छान दिसतोय ना?" एका बाईंनी विचारलं. "हो," काका म्हणाले, "म्हणूनच." मी शेजारी उभी होते. मला त्या सगळ्या गर्दीचा, त्या दुधासकट, संताप आला. काकांना आला नव्हता. ते रांगेतल्या पुढच्या माणसाला चंद्रावरचे डोंगर दाखवत होते.

त्यानंतरच्या हिवाळ्यातही ते दर अमावस्येला किल्ली न्यायला येत राहिले. त्यांनी काळी छत्री लावून पाहिली. कपडे वाळत घालायच्या तारांवर काकींचं जुनं इरकली लुगडं आडवं बांधलं. तरी चित्रात नुसता दुधट धूर उतरायचा, आणि एकदा तर त्यात लुगड्याच्या काठाची जांभळी झाक आली. ती मला दाखवून ते म्हणाले, "बघा, हीसुद्धा देवयानीपर्यंत पोचली." थोड्याच वेळात किल्ली परत द्यायचे. "हवा स्थिर होती," एवढं सांगून घरी जायचे.

गेल्या श्रावणात ते गेले. छातीत दुखतंय म्हणून दवाखान्यात नेलं ते परत आले नाहीत. अंत्यविधीला आम्ही सगळे गेलो होतो, चेअरमननी श्रद्धांजलीत ताऱ्यांबद्दल दोन वाक्यंही म्हटली. पण पावसाळ्यात तसेही ते माझ्या दारात येत नसत. दुर्बीण चार महिने कपाटात असायची. त्यामुळे ते नाहीत हे मला नीट कळलंच नव्हतं. दसरा झाला, ढग गेले, आणि एका संध्याकाळी मी सवयीने गच्चीची किल्ली खिळ्यावरून काढून दाराजवळच्या चपलांच्या कपाटावर ठेवली. ती तिथेच पडून राहिली. त्या रात्री मी खूप रडले.

ठराव मात्र जिवंत आहे. दर पौर्णिमेला फ्लडलाइट बंद होतात. नव्या भाडेकरूने कारण विचारलं तेव्हा वॉचमन म्हणाला, "पुनवेला वर दिवा लावायचा नाय. इथली रीतच हाय." हल्ली कोणीतरी गच्चीवरच्या फ्लडलाइटच्या बटणाखाली उदबत्तीही लावतं.

दिवाळीनंतरच्या अमावस्येला, दिवेलागणीनंतर, बेल वाजली. दारात काकी. खांद्याला काळी बॅग, आणि तिच्या वजनाने त्या एका बाजूला कललेल्या.

"ताई, किल्ली."

मी किल्ली घेतली आणि त्यांच्याबरोबर वर गेले. गच्ची लग्नाच्या हॉलसारखी उजळलेली होती. मी भिंतीवरचं बटण बंद केलं. खालची उदबत्तीची राख माझ्या हाताला लागली. मिनिटभरात चेअरमनचा फोन आला, गच्चीवर अंधार कसा. मी म्हटलं, मी केलाय, आज अमावस्या आहे, आणि फोन ठेवला.

काकींनी तिपाई उघडली. किती वेळा बघितलं असेल त्यांनी, कोण जाणे, पण हात कुठे अडखळला नाही. यंत्राने मान फिरवली, जरा इकडे तिकडे केलं आणि उत्तरेला थोडं कलून डोक्यावर स्थिर झालं. टॅबवर प्रश्न आला. चष्मा खाली राहिला होता म्हणून त्यांनी मला वाचायला सांगितलं. जुन्या चित्रात भर घालायची, की नवीन सुरू करायचं?

"जुन्यात," काकी म्हणाल्या आणि बोट ठेवलं.

पडद्यावर काकांनी साठवलेला उजेड आला. फिकट, तिरका, मध्ये दाट होत गेलेला. दहा सेकंदांनी त्यात आमचा पहिला थेंब पडला.

एवढ्यात जिन्यातून मोबाइलचा टॉर्च आमच्या तोंडावर आला. चेअरमन धापा टाकत वर आले होते. काकींचा डावा हात वर गेला, तळवा पुढे. "टॉर्च बंद करा भाऊ. डोळ्यांची सवय मोडते." चेअरमननी काकींकडे पाहिलं, यंत्राकडे पाहिलं आणि टॉर्च बंद केला. मग ते आमच्या मागे उभे राहून टॅबकडे बघत राहिले. चित्र हळूहळू उजळत होतं.

मग विमान गेलं. पडद्यावर देवयानीला छेदून पांढरी रेघ उठली.

"अरेरे," चेअरमन म्हणाले. "ही पुसता येत असेल ना?"

"येते," काकी म्हणाल्या. "पण राहू दे. आपल्या गच्चीवरून काढलंय."