मावशीचं काम

आमच्या नांदेडच्या घरात गोष्टींची पुस्तकं कमी, चळवळीची पत्रकं जास्त. मी अक्षरं शिकले तीच 'चलो' आणि 'धिक्कार' वाचत. त्यामुळे लातूरच्या लोकनाट्य मंडळीत गवळण म्हणून नाचायला लागले, तेव्हा डोक्यात पहिला प्रश्न आला तो हाच: आम्हा गवळणींना बोलायला एकही वाक्य का नाही? आम्ही माठ घेऊन लाजायचं आणि हशा सगळा मावशीला. मावशी म्हणजे लुगडं नेसलेला पुरुष. लोकांना हसवणं हा काय पुरुषांचा वारसाहक्क आहे?

यंदा मंडळीनं नवा खेळ बसवायचं काम माझ्यावर सोपवलं. मी मावशी एका बाईला दिली: उमरीची माझी मैत्रीण, माझ्याच रांगेत उभी राहून लाजलेली. ती म्हणाली, लाजून लाजून मान आखडली, आता हे करून बघू. वर्षानुवर्षं मावशी करणाऱ्या काकांना मी कृष्णाचा सवंगडी पेंद्या केलं. काका चिडले नाहीत. चहाचा कप खाली ठेवून एवढंच म्हणाले, "पोरी, बाईनंच बाईचं काम केल्यावर लोकं हसतील कशाला?"

प्रश्न खरा होता. मंडळीनं मला स्पष्ट सांगितलं होतं: लातूरजवळच्या मुरुडचा पहिला खेळ पडला, तर मी परत गवळणींच्या रांगेत.

मुरुडला मैदान भरलं होतं. याआधी काका लुगड्यात नुसते आले तरी हशा व्हायचा. मैत्रीण आली आणि कुणी हसलंच नाही. पुढच्या रांगेतले बाप्ये हाताची घडी घालून बसलेले. विंगेत मी तिचं पुढचं वाक्य ओठांतल्या ओठांत म्हणायला लागले.

कृष्णानं काठी आडवी धरून मथुरेच्या वाटेचा कर मागितला. तिनं माठ खाली ठेवला, पदर खोचला, वाकून पायाखालची वाट नीट निरखली. मग त्याच्याकडे बघत म्हणाली, "कर कशाचा मागून राहिलास रे? रस्ता तरी केलास का?"

हे वाक्य मी लिहिलेलं; ते वाकून बघणं तिचं.

आधी बायकांच्या बाजूला एकच हसू फुटलं. मग शेजारणींनी ते उचललं. मग पुढच्या घड्या सुटल्या, कुणीतरी मांडीवर थाप मारली, आणि सगळं मैदान हसायला लागलं. विंगेत मीही हसत होते, आवाज दाबून, डोळे पुसत.

गोंधळलेल्या कृष्णानं पुढचं वाक्य म्हणायला तोंड उघडलं. पेंद्या झालेल्या काकांनी त्याचं कोपर धरलं.

"थांब की रं," ते म्हणाले, "हसू दे त्यांला."