तालमीतली चूल

मेहबूबवस्ताद गेल्याचा निरोप आला तेव्हा मी शाळेच्या पटांगणात पोरांची कवायत घेत होतो. तालमीतला एक गडी सायकल दामटत आला आणि फाटकातूनच ओरडला, “मास्तर, वस्ताद गेले!” पोरं हात वर करून तशीच उभी राहिली, त्यांना ‘हात खाली’ म्हणायचंही मला सुचलं नाही. भिंगारच्या कब्रस्तानात त्या दिवशी टोप्यांइतकेच फेटे होते. माझे वडीलही आले होते, जरा लांब, बाभळीखाली उभे होते. आम्ही सगळ्यांनी मूठमूठ माती दिली. परत येताना हाताची माती पुरती झटकलीही नव्हती, तोच तालमीच्या पंचांपैकी एक जण म्हणाले, “वस्ताद लाख माणूस. पण आता तेवढी ती चूल काढून टाकू आणि पोरांना पुन्हा धारोष्ण सुरू करू.” दोघाचौघांनी माना डोलावल्या. प्रसंग तसा नव्हता म्हणून मी तेव्हा तोंड मिटून बसलो. आता काही आठवडे उलटलेत, आणि गप्प राहायला मला एकही कारण दिसत नाही.

ज्यांनी आमची तालीम पाहिली नाही त्यांच्यासाठी सांगतो. भिंगारच्या जुन्या बाजारामागे लाल मातीचा हौद, कोनाड्यात मारुती, मागच्या अंगणात बांधलेल्या म्हशी, एवढाच पसारा. वस्ताद दिवसा छावणीच्या डेअरीत कामाला जायचे आणि पहाटे-संध्याकाळी आमच्या मानगुटीवर बसायचे. हिंदू पोरं जास्त, मुसलमान थोडी. जोर-बैठका झाल्या की आम्ही म्हशीजवळ ओळीनं बसायचो आणि वस्ताद धार थेट तांब्यात काढून फेसासकट पाजायचे. हेच ते धारोष्ण. त्यात जनावराची ऊब असते, ऊब म्हणजेच ताकद, आणि दूध विस्तवाला लागलं की ताकद उडाली, हे बाळकडू आम्हा सगळ्यांनाच मिळालेलं होतं. वस्तादांनाही.

त्या म्हशींत एक चंद्री होती. ती दोनदा गाभडली, म्हणजे दिवस भरायच्या आत तिनं रेडकू टाकलं. तरी आटली नाही; रेडकाशिवाय पान्हा सोडायची. याचा अर्थ आम्ही शहाण्यांनी काय लावला? रेडकू नाही म्हणजे वाटेकरी नाही, तेव्हा देवानं ही म्हैस खास पैलवानांसाठी धाडली! तिच्यापुढं नारळ फोडले आम्ही. तिचं सगळ्यांत जास्त दूध मिळायचं ते गफूरला. गफूर वस्तादांचा धाकटा भाऊ आणि हौदातला माझा जोडीदार. तालमीची सारी मदार त्याच्यावर होती. दुसरी मोठी लढाई सुरू झाली त्या सुमाराला त्याला ताप येऊ लागला. चढायचा, काही दिवस छळायचा, उतरायचा, आणि आता सुटला म्हणेपर्यंत पुन्हा हजर. घामानं गोधडी भिजायची, कंबर नि सांधे धरायचे. काढे झाले, अंगारे झाले, आणि अंगात ताकद यावी म्हणून चंद्रीचं धारोष्ण दुप्पट झालं. वस्ताद त्याचं डोकं मांडीवर घेऊन स्वतः पाजायचे...

शेवटी इस्पितळातल्या एका डॉक्टरांनी विचारलं, दूध कोणत्या जनावराचं पितो, आणि ते जनावर गाभडलंय का? वस्ताद पुढं सांगायचे, “तेवढं इचारलं आन् चंद्रीच डोळ्यांम्होरं हुबी ऱ्हायली.” डॉक्टरांनी त्यांना समजावलं. असला ताप मुळात जनावराला असतो, त्यापायीच ते गाभडतं, आणि कच्च्या दुधातून तोच ताप माणसात उतरतो. दूध नीट तापवलं की मरतो. पण तोवर तो गफूरच्या काळजापर्यंत पोचला होता. गफूर गेला. ज्या तांब्यानं पाजलं तो तांब्या वस्तादांनी अंगणातल्या आडात टाकून दिला.

गंमत अशी की वस्ताद ज्या डेअरीत राबायचे तिथं गोऱ्या सोल्जरांना कच्च्या दुधाचा थेंब देत नसत. मोठ्या पिपांत दूध तापवायचं, तसंच गरम धरून ठेवायचं, मग झटकन गार करायचं. ‘पाश्चराइज’ला तिथले कामगार ‘पाचराईज’ म्हणत. वस्ताद वर्षानुवर्षं ती पिपं घासत आले होते. साहेबाचं पोट नाजूक, म्हणून हा साहेबाचा लाड, अशी त्यांची समजूत. गफूरला माती देऊन आल्यावर त्यांनी तालमीच्या मागच्या अंगणात विटा आणून चूल मांडली. चाचींचा, म्हणजे वस्तादांच्या बायकोचा, आधी नकार होता. दूध उतू जाऊन जाळात पडलं तर म्हशीच्या कासेला चटका बसतो असं आमच्याकडं मानतात. वस्तादांनी मोठ्या पातेल्यात पाणी ठेवलं आणि त्या पाण्यात दुधाची कळशी. उकळी नाही, उतू जाणं नाही, आणि चाचीही राजी. मोडीत घेतलेला एक थर्मामीटर होता. त्यावरचे आकडे वस्तादांना वाचता येत नसत, म्हणून डेअरीतल्या थर्मामीटरवरच्या रेघेच्या हिशेबानं त्याला लाल दोरा बांधलेला. दूध दोऱ्याला पोचलं की जाळ बारीक करायचा आणि आम्ही बैठकांना लागायचं. वस्ताद ‘बस’ म्हणेपर्यंत थांबायचं नाही. तालमीत घड्याळ नव्हतं. दुधाची वेळ आमच्या मांड्यांवर मोजली जायची. मग कळशी गार पाण्यात.

पण चूल पेटली आणि भांडण निघालं ते भलत्याच ठिकाणी. कच्चं दूध आपल्यात कुणाच्याही हातचं चालतं. विस्तवावर चढलं की त्याचा स्वयंपाक होतो, आणि मग चूल कुणाची ते बघितलं जातं. पहिल्या दिवशी पेले भरले आणि हिंदू पोरांतला एकही हात पुढं आला नाही. पंचांनी तोड काढली, दोन चुली मांडा. वस्तादांचा आवाज मी इतका चढलेला कधी ऐकला नव्हता. “दोन चुली? म्हंजी ताप दोन जातींचा असतोय व्हय? गफूर मुसलमान हुता म्हून न्हाई मेला, कच्चं प्याला म्हून मेला! चूल एकच ऱ्हाईल. प्यायचं त्यानं प्या, न्हाई त्यानं घरी जाऊन पानी प्या.” आणि त्यांनी पहिला पेला स्वतः रिकामा केला. चंद्रीच्याच दुधाचा. दुसरा मी उचलला. फार विचारबिचार केला नाही, गफूर माझा जोडीदार होता.

बातमी माझ्या आधी आमच्या मळ्यावर, घरी पोचली. आबांनी, माझ्या वडिलांनी, माझं ताट ओसरीवर काढलं. “तालीम कर, कुस्ती खेळ, पर त्या चुलीवरचं पिऊन माझ्या सैपाकघरात पाय ठिवू नगस.” आई पदराआड रडली. मी ओसरीवर जेवलो, आणि पुढची कैक वर्षं जेवलो.

काही पोरं तालीम सोडून गेली. उरलेल्यांना लोक डिवचायचे, ‘मेलेलं दूध पिणारे’. वस्ताद पुन्हा त्या डॉक्टरांकडं गेले आणि तोंडावर विचारलं, तापवल्यानं दुधातलं जातं काय ते खरं सांगा. डॉक्टर म्हणाले, हाड-मांस धरतं ते सगळं राहतं, साय राहते. थोडं काही जातं, पण ते मुळातच दुधात कमी, लिंबात भरपूर असतं. वस्ताद येताना लिंबं घेऊनच आले. तेव्हापासून जेवताना अर्धं लिंबू हा तालमीचा कायदा झाला. उन्हाळ्यात बदामाची थंडाई असायची, तीही चुलीवरच्याच दुधाची, आणि तिच्यात कुणी उष्टा पेला बुडवला तर पाठीत रट्टा बसायचा. “तापवून मेलेला ताप तुमी हातानं परत घालता व्हय रं?” शेवगावाकडचा एक गवळी चंद्रीला चांगली किंमत द्यायला तयार होता, त्याला वस्तादांनी दारातून परत लावलं. “ही तिकडं कच्ची प्याली जाईल. ऱ्हाऊ दे हितंच. तिचा काय दोष? तिला बी तापच हाय.” ती तालमीच्या अंगणातच मेली.

आता त्या कुस्तीबद्दल, कारण पंचांचा सगळा जोर तिच्यावर आहे. शिंगणापूरकडच्या एका गावच्या हगाम्यात, म्हणजे जत्रेतल्या कुस्त्यांत, माझी जोड लागली. समोरचा गडी धारोष्णवाल्या तालमीचा. भिंगारची माणसं गाड्या जुंपून आली होती. कुस्ती माझी नव्हतीच, दुधाची होती. मी जिंकलो असतो तर गोष्ट किती छान झाली असती! पण मी हरलो. त्यानं ढाकेचा डाव मारला आणि मी आभाळ बघितलं. लोक हसले, कुणीतरी ओरडलं, “पाज अजून चुलीवरचं!” मला मातीतून उठवेना. वस्ताद आत आले, माझी पाठ झाडली आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, “ह्यो ढाकेवर पडला. दुधावर न्हाई पडला. ढाक सोडवायला मी शिकीवलं न्हाई, त्यो माझा गुना. उद्या पहाटे चूल पेटंल, यायचं त्यानं या.” गाडीत बसल्यावर मला म्हणाले, “बेटा, गफूर हरला असता तर मला चाललं असतं... जिता ऱ्हायला हवा हुता.” एवढ्या वर्षांत त्यांचे डोळे भरलेले मी त्या एका संध्याकाळी पाहिले.

पहाटे मी गेलो. चूल पेटलेली होती.

फाळणीच्या साली बाजारात कुजबुज वाढली, आणि काही दिवस बाहेर पडू नका असं वस्तादांना त्यांच्याच लोकांनी बजावलं. तेव्हा मी आणि उरलेल्या पोरांनी ती चूल पेटवली, दोऱ्यावर नजर ठेवली, बैठका मारल्या आणि भरलेली कळशी वस्तादांच्या दारात नेऊन दिली. चाचींनी दार उघडलं. वस्तादांनी कळशीला हात लावून पाहिला आणि एवढंच विचारलं, “दोऱ्याला पोचलं हुतं ना?” ज्या पंचांना दोन चुली हव्या होत्या, त्यांनी सांगावं, त्या पहाटे ती चूल कुणाची होती? शेवटच्या आजारातही, मी खाटेशी बसलो की त्यांचा हाच प्रश्न असायचा. तब्येतीचं आपण विचारावं, तर हे दोऱ्याचं विचारणार.

धारोष्ण म्हणजे ताकद म्हणणाऱ्यांशी माझं वैर नाही. मीही तेच म्हणत वाढलो. पण त्या चुलीवर मी इतकी वर्षं प्यालो, आणि गफूरचा ताप तालमीत पुन्हा कुणाला आला नाही. एक कुस्ती मी हरलो, हे खरं. मी ती हजार वेळा हरायला तयार आहे.

कब्रस्तानातून आलो त्याच्या दुसऱ्या पहाटे मी तालमीत गेलो. चुलीच्या दोन विटा कुणीतरी आधीच उपटून बाजूला टाकल्या होत्या. मी त्या पुन्हा बसवल्या, पातेलं चढवलं, कळशी आत सोडली. नवी पोरं भिंतीला टेकून बघत होती. चूल राहणार की जाणार, हे त्यांना अजून कुणी सांगितलेलं नव्हतं. दूध दोऱ्याला पोचलं. मी जाळ बारीक केला, धोतर खोचलं आणि बैठकांना लागलो. मास्तरकीत अंग जड झालंय. मांड्या पेटल्या, धाप लागली, आणि ‘बस’ म्हणणारा आवाज तर यायचा नव्हता... मी गुडघ्यांवर हात टेकून थांबलो.

“थांबलास का रं?” पाठीमागून आवाज आला. वळून पाहिलं तर आबा. हातात घरचा पितळी पेला, रिकामा. त्यांनी विटेवर बूड टेकलं, पेला समोर ठेवला आणि चुलीकडं बघत म्हणाले, “चालू दे तुझं. कच्चं ऱ्हाईल ते.”

मी पुन्हा बैठका सुरू केल्या.